उड्डाणपुलाखालची जागा : दुर्लक्षित जमिनीपासून सार्वजनिक उद्यानापर्यंत

उद्दिष्टे

या घटकाचा अभ्यास केल्यानंतर आपल्याला –

• उड्डाणपुलाखालची जागा कशी निर्माण होते आणि ती दुर्लक्षित का राहते, हे सांगता येईल.
• अशा जागेचे उद्यान करताना प्रकाश, पाणी, माती व सुरक्षितता यांबाबत येणाऱ्या अडचणी स्पष्ट करता येतील.
• माटुंगा, लोअर परळ व ठाणे येथील उदाहरणांची तुलना करता येईल.
• ‘मोकळी जागा’, ‘अतिक्रमण’, ‘सार्वजनिक’ या शब्दांचा वापर चिकित्सकपणे तपासता येईल.
• आपल्या गावातील अशा एखाद्या जागेविषयी माहितीपर लेख लिहिता येईल.

प्रास्ताविक

विद्यार्थी मित्रहो, परभणीहून देवगिरी एक्स्प्रेसने आपण कधी मुंबईला गेला असाल, तर ठाण्याला किंवा दादरला उतरल्यावर थोड्याच वेळात एखाद्या उड्डाणपुलाखालून रस्ता ओलांडण्याची वेळ आपल्यावर आली असेल. पुलावरून जाणाऱ्याला पूल फारसा दिसत नाही. त्याला दिसतो तो रस्ता. पूल दिसतो तो खालून जाणाऱ्याला. सिमेंटच्या खांबांची रांग, त्यांच्यामध्ये साचलेला राडारोडा, गंजलेली बेवारस वाहने, पावसाळ्यात पन्हळीतून कोसळणारे पाणी आणि एखाद्या खांबाच्या आडोशाला मांडलेली तीन दगडांची चूल, असे ते चित्र असते.

गेल्या काही वर्षांत अशा जागांचे रूप बदलण्याचे प्रयत्न महाराष्ट्रात व जगात इतरत्रही झाले. कोठे बाग झाली, कोठे खेळाचे मैदान, तर कोठे शाळा. वरवर पाहता हा विषय बागकामाचा व स्थापत्याचा आहे. परंतु थोडे खोल गेल्यास असे दिसते, की हा प्रश्न ‘सार्वजनिक’ या शब्दाच्या अर्थाचा आहे. पुलाखालची जमीन कोणाची, तिचा उपयोग कोणी करायचा आणि तिची काळजी कोणी वाहायची, या तीन प्रश्नांची उत्तरे दिल्याखेरीज केवळ झाडे लावून उद्यान होत नाही. प्रस्तुत घटकाचे विवेचन या मध्यवर्ती विचाराभोवती केले आहे.

विषय-विवेचन

१. ही जागा निर्माण कशी होते?

मुंबईतील पहिला उड्डाणपूल केम्प्स कॉर्नर येथे १९६५ साली वाहतुकीस खुला झाला. त्यानंतरची तीन दशके उड्डाणपूल ही विरळाच गोष्ट होती. १९९६ साली महाराष्ट्र राज्य रस्ते विकास महामंडळाची स्थापना झाली आणि मुंबईत सुमारे पन्नास उड्डाणपुलांची योजना हाती घेण्यात आली. पुढे पुणे, नागपूर, नाशिक या शहरांतही पूल उभे राहिले. लहान शहरांत हा पूल बहुधा रेल्वे फाटकाच्या जागी येतो. फाटक बंद असताना खोळंबणाऱ्या गाड्यांची सोय व्हावी, म्हणून रुळांवरून तो नेला जातो.

पूल बांधताना विचार होतो तो वरून जाणाऱ्या वाहनांचा. खाली उरणारी जागा हे त्या बांधकामाचे शेष असते, भागाकारात बाकी उरावी तसे. दोन्ही टोकांच्या चढावाखाली उंची कमी असल्यामुळे तो भाग सहसा भिंती घालून भरावाने बंद केला जातो. मधला, उंच खांबांवरचा भाग तेवढा मोकळा राहतो. कागदोपत्री हा भाग रस्त्याचाच असतो. बाग, मैदान, बाजार असे कोणतेही आरक्षण त्यावर नसते. शिवाय पूल एका यंत्रणेचा, खालचा रस्ता दुसऱ्या यंत्रणेचा आणि दिव्यांची व्यवस्था तिसऱ्याच यंत्रणेची, अशी विभागणी पुष्कळदा असते. तीन मालक असलेल्या विहिरीचा गाळ कोणीच काढत नाही, तशी या जागेची गत होते. दुर्लक्ष होते ते माणसांच्या आळसामुळे कमी आणि जबाबदारी निश्चित नसल्यामुळे अधिक.

२. ‘मोकळी’ आणि ‘सार्वजनिक’ : शब्दांचा विचार

भाषेच्या अभ्यासकाने येथे क्षणभर थांबावे. अशा जागेविषयीच्या बातम्यांत व प्रस्तावांत ‘मोकळी जागा’, ‘पडीक जागा’, ‘रिकामी जागा’ असे शब्द येतात. हे शब्द समानार्थी वाटले, तरी त्यांतून निघणारे निष्कर्ष वेगळे असतात. ‘रिकामी’ म्हटले की तेथे कोणी नाही, असे गृहीत धरले जाते. ‘दुर्लक्षित’ म्हटले की लक्ष देणे कोणाचे तरी कर्तव्य होते, असे सूचित होते. तेथे चहाची टपरी, चांभाराची पेटी किंवा एखादे कुटुंब असेल, तर ‘अतिक्रमण’ हा एकच शब्द त्या सर्वांना लागू केला जातो. मग पोट भरण्यासाठी बसलेला माणूस आणि जागा बळकावणारा माणूस यांतला फरक पुसला जातो.

मराठीत सामाईक जागांसाठी जुने व नेमके शब्द आहेत : पार, चावडी, पाणवठा, घाट, गायरान. वडापिंपळाच्या बुंध्याभोवती बांधलेला पार हा तर गावाच्या उद्यानाचा मूळ नमुनाच म्हणावा लागेल. सावली आहे, टेकायला ओटा आहे आणि भोवती कुंपण नाही. पुलाखालच्या जागेत यांपैकी सावली आयती मिळते. मराठवाड्याच्या उन्हाळ्यात तिचे मोल काय असते, हे आपल्याला सांगण्याची गरज नाही.

तथापि पाराचे गोडवे गाताना एक गोष्ट विसरता येत नाही. पार, चावडी व पाणवठा या जागा सर्वांच्या म्हटल्या जात; पण सर्वांना तेथे जाता येत नसे. सार्वजनिक पाणवठे, विहिरी व धर्मशाळा अस्पृश्यांना खुल्या कराव्यात, असा ठराव रावबहादूर सीताराम केशव बोले यांनी मांडला आणि मुंबई विधिमंडळाने तो १९२३ साली संमत केला. महाडच्या नगरपालिकेने १९२४ मध्ये आपले तळे खुले केल्याचा ठराव केला. तरीही २० मार्च १९२७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकर हजारो अनुयायांसह चवदार तळ्यावर गेले, तेव्हाच त्या ठरावाला अर्थ आला. यातून मिळणारा बोध आपल्या विषयालाही लागू आहे. जागा सार्वजनिक होते ती फलकाने किंवा ठरावाने नव्हे. ज्याला आजवर तेथे स्थान नव्हते, त्याला तेथे निर्वेधपणे जाता आले, म्हणजे ती सार्वजनिक होते.

*स्वयं-अध्ययन प्रश्न १ : ‘रिकामी जागा’ व ‘दुर्लक्षित जागा’ या शब्दप्रयोगांतील अर्थभेद तीन-चार वाक्यांत स्पष्ट करा.*

३. माटुंग्याचे उद्यान : नागरिकांच्या पाठपुराव्याचे उदाहरण

मुंबईत माटुंगा येथे डॉ. बाबासाहेब आंबेडकर मार्गावरील उड्डाणपुलाखाली नानालाल डी. मेहता उद्यान आहे. २०१६ साली ते लोकांसाठी खुले झाले. पूल झाल्यानंतर खालच्या जागेत जुगार व नशापाणी सुरू झाले आणि बेकायदा वाहने उभी राहू लागली. आसपासच्या रहिवाशांनी एकत्र येऊन त्या जागेवर पहारा ठेवला आणि तेथे उद्यान व्हावे, यासाठी महानगरपालिकेकडे सातत्याने पाठपुरावा केला. पालिकेने ती मागणी मान्य केली.

या उद्यानाची रचना लक्षात राहण्याजोगी आहे. दोन खांबांच्या रांगांमध्ये लांबट, चिंचोळी पट्टी उपलब्ध होती. अशा पट्टीत गोल वाफे व मध्यभागी कारंजे अशी नेहमीची बाग बसत नाही. म्हणून सुमारे ६०० मीटर लांबीची एक निळी पायवाट आखण्यात आली आणि तिला नर्मदा नदीच्या प्रवाहाची वळणे देण्यात आली. सकाळी फिरायला येणारा माणूस त्या वाटेने चालतो, तेव्हा तो अमरकंटकपासून समुद्रापर्यंतचा प्रवास लहान प्रमाणात करीत असतो. जागेची अडचण हेच रचनेचे सूत्र बनले. नदीही लांब व अरुंद असते आणि पुलाखालची पट्टीही तशीच. दाटीवाटीच्या वस्तीत ज्येष्ठांना चालण्यासाठी व मुलांना खेळण्यासाठी हक्काची जागा मिळाली, हे या प्रयत्नाचे निर्विवाद यश होय.

या उदाहरणातून दोन गोष्टी शिकता येतात. पहिली म्हणजे, पाठपुरावा. मागणी एकदा करून भागत नाही. पहारा, निवेदने, बैठका हे सारे चिकाटीने करावे लागते. दुसरी म्हणजे, माटुंग्याच्या रहिवाशांकडे वेळ, साधने व पालिकेपर्यंत पोहोचण्याची क्षमता होती. ज्यांच्याकडे यांपैकी काहीच नाही, त्यांच्या वस्तीजवळच्या पुलाखाली काय होते? या प्रश्नाकडे आपण पुढे वळणार आहोत.

४. प्रकाश, पाणी, माती आणि पोहोच

आता तांत्रिक बाजू पाहू. पुलाखालची बाग ही उघड्या आकाशाखालच्या बागेहून चार बाबतींत वेगळी असते.

*प्रकाश.* पूल उत्तर-दक्षिण असेल, तर सकाळी पूर्वेकडून व सायंकाळी पश्चिमेकडून तिरपे ऊन आत शिरते. पूल पूर्व-पश्चिम असेल, तर हिवाळ्यात दक्षिणेच्या बाजूला ऊन मिळते. उत्तरेची बाजू बराच काळ सावलीत राहते. पूल जितका उंच व अरुंद, तितका उजेड अधिक. त्यामुळे गुलाब, शेवंती किंवा हिरवळ यांचा अट्टहास येथे फसतो. मनी प्लांट, नेचे, ड्रॅसिना, स्नेक प्लांट यांसारखी सावली सोसणारी झाडे आतल्या बाजूला आणि अडुळशासारखी झुडपे कडेला, अशी विभागणी करावी लागते.

*पाणी.* पुलाखाली पाऊस पडत नाही, ही साधी गोष्ट पुष्कळदा लक्षात येत नाही. भर पावसाळ्यातही तेथील माती कोरडी असते आणि दोन पावले पलीकडे, खांबाजवळच्या नळातून पुलावरचे सगळे पाणी एका जागी धो धो पडत असते. हे पाणी टाकीत घेता येते. मात्र त्यात तेल, टायरची झीज व धूळ मिसळलेली असते. ते निवळून, गाळूनच झाडांना द्यावे लागते. जेथे पाण्याचा स्रोत नाही, तेथे बाग उद्घाटनानंतर पहिल्याच उन्हाळ्यात वाळते.

*माती.* खांबांच्या पायाचे काँक्रीट जमिनीखाली बरेच पसरलेले असते. वर बांधकामाचा राडारोडा व दाबून घट्ट झालेली मुरूममाती असते. म्हणून जुना थर काढून पोयट्याची माती व शेणखत घालणे किंवा उंच वाफे बांधणे आवश्यक ठरते. वड-पिंपळासारखी झाडे तर येथे लावूच नयेत. त्यांची मुळे काँक्रीटच्या भेगांत शिरतात. पुलाच्या तपासणीसाठी अभियंत्यांना खांबांपर्यंत व वरच्या सांध्यांपर्यंत पोहोचता आले पाहिजे, हेही ध्यानात ठेवावे लागते.

*पोहोच.* ही बाग बहुधा दोन वाहत्या रस्त्यांच्या मधोमध असते. तेथे जाण्यासाठी लहान मुलाला व वृद्धाला रस्ता ओलांडावा लागतो. झेब्रा पट्टे, सिग्नल व वाहनांचा वेग रोखणारी व्यवस्था नसेल, तर उत्तम बागही ओस पडते. आवाज व धूर यांचाही विचार करावा लागतो. दाट झुडपांची कडा धूळ काही प्रमाणात अडवते. परंतु ती इतकी उंच वाढू देऊ नये की आतले बाहेरून दिसेनासे होईल. जेन जेकब्स या लेखिकेने १९६१ साली अमेरिकेतील शहरांविषयीच्या आपल्या प्रसिद्ध ग्रंथात असे प्रतिपादन केले होते, की रस्ते व बागा सुरक्षित ठेवतात ती तेथे सतत वावरणारी माणसे. एकट्या स्त्रीला सायंकाळी सात वाजता तेथे बसावेसे वाटते का, ही पुलाखालच्या कोणत्याही उद्यानाची खरी परीक्षा होय. चहावाला, फुलवाली, पेपरवाला हे या दृष्टीने अडथळे नसून उद्यानाचे विनावेतन राखणदार असतात.

*स्वयं-अध्ययन प्रश्न २ : पुलाखालच्या बागेत पावसाळ्यातही झाडांना पाणी का द्यावे लागते? त्या पाण्याची सोय कशी करता येईल?*

५. लोअर परळ : देखभाल कोण करणार?

दुसरे उदाहरण लोअर परळचे. हा एकेकाळचा गिरणगाव. १९८२ च्या संपानंतर गिरण्या बंद पडत गेल्या आणि त्यांच्या जमिनींवर कार्यालयांचे मनोरे उभे राहिले. तेथील सेनापती बापट मार्गावरील उड्डाणपुलाखाली ‘वन ग्रीन माइल’ या नावाने ओळखली जाणारी सार्वजनिक जागा २०२२ साली पूर्ण झाली. नेदरलँड्समधील एमव्हीआरडीव्ही व मुंबईतील स्टुडिओपॉड या वास्तुसंस्थांनी तिची रचना केली. त्यासाठी पुढाकार घेतला तो जवळच कार्यालयसंकुल असलेल्या एका खाजगी कंपनीने. निळ्या रंगाचे पट्टे, बसण्याच्या जागा, व्यायामाची साधने, छोटा रंगमंच, वाचनाचा कोपरा व झाडांच्या कमानी अशी तिची मांडणी आहे.

खाजगी पैशाने सार्वजनिक जागा सुधारणे योग्य की अयोग्य, यावर मतभेद संभवतात. जमेची बाजू अशी, की काम लवकर होते, रचनेचा दर्जा राखता येतो आणि देखभालीसाठी निधी मिळतो. दुसरी बाजू अशी, की खर्च करणारी संस्था आपल्या परिसराच्या शोभेचा विचार आधी करणार, हे स्वाभाविक आहे. म्हणून अशा प्रत्येक कामात करार लेखी असावा आणि जागा सर्वांना विनामूल्य खुली राहील, ही अट त्यात स्पष्ट असावी. कंपनीने हात आखडता घेतला तर देखभाल कोण करील, याचेही उत्तर त्यात असावे. उद्घाटनाचा खर्च एकदा करावा लागतो. झाडूचा व पाण्याचा खर्च रोज येतो.

६. ठाणे : जे आधीपासून तेथे होते

आता मघाशी राखून ठेवलेल्या प्रश्नाकडे वळू. ठाण्यात तीन हात नाका येथे मोठा उड्डाणपूल आहे. त्याखाली अनेक कुटुंबे राहत होती. त्यांतील पुष्कळशी पारधी समाजातील आणि मराठवाड्याच्या दुष्काळी भागातून पोटासाठी आलेली होती. त्यांची मुले सिग्नलला गाड्या थांबल्या की गजरे व खेळणी विकत. ही मुले शाळेपर्यंत जात नाहीत, तर शाळा त्यांच्यापर्यंत न्यावी, अशा विचाराने समर्थ भारत व्यासपीठ या संस्थेने ठाणे महानगरपालिकेच्या सहकार्याने २०१६ साली त्याच पुलाखाली ‘सिग्नल शाळा’ सुरू केली. मालवाहू कंटेनरमध्ये वर्ग भरू लागले. २०१८ साली या शाळेचे पहिले दोन विद्यार्थी दहावीची परीक्षा उत्तीर्ण झाले.

विद्यार्थी मित्रहो, २०१६ हे वर्ष पुन्हा एकदा आठवून पाहा. माटुंग्याला पुलाखाली नर्मदेच्या वळणांची वाट तयार झाली. ठाण्याला पुलाखाली शाळा भरू लागली. आणि त्याच वर्षीच्या एप्रिलमध्ये मिरजेहून लातूरला रेल्वेने पिण्याचे पाणी न्यावे लागले. या तीन घटनांचा एकमेकींशी थेट संबंध नाही. परंतु त्या एकाच महाराष्ट्राच्या आहेत. मुंबई-ठाण्यातील पुलाखाली चूल मांडणारा माणूस बहुधा आपल्याच भागातून गेलेला असतो. गावी विहीर आटते, हाताला काम उरत नाही, तेव्हा शहरात त्याला सर्वांत आधी जे छप्पर मिळते ते पुलाचे. तेव्हा ‘पुलाखालची घाण काढून बाग केली’ हे वाक्य मराठवाड्यातील वाचकाने सावधपणे वाचले पाहिजे. त्या ‘घाण’ शब्दात माणसे तर मोजली नाहीत ना, असे विचारले पाहिजे.

या बाबतीत कायद्याचे दोन आधार ठाऊक असावेत. १९८१ साली मुंबईतील पदपथांवर राहणाऱ्यांना हटविण्याची मोहीम सुरू झाली, तेव्हा प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. ‘ओल्गा टेलिस विरुद्ध मुंबई महानगरपालिका’ या खटल्यात न्यायालयाने १९८५ साली असा निर्णय दिला, की उपजीविकेचा हक्क हा राज्यघटनेच्या अनुच्छेद २१ मधील जीविताच्या हक्काचाच भाग आहे. पदपथ कायमचा व्यापण्याचा हक्क न्यायालयाने मान्य केला नाही. परंतु योग्य सूचना दिल्याविना हटविता येणार नाही, असे बजावले. दुसरा आधार म्हणजे पथविक्रेत्यांच्या उपजीविकेचे संरक्षण करणारा २०१४ चा केंद्रीय कायदा. विक्रेत्यांचे सर्वेक्षण पूर्ण होण्याआधी त्यांना उठविता येत नाही, अशी तरतूद त्यात आहे.

यावरून बाग करूच नये, असा अर्थ कोणी काढू नये. पुलाखालचे जिणे हे कोणाच्याही लेकराच्या वाट्याला येऊ नये, हेच खरे. रात्रंदिवस धूर, चाकांचा धडधडाट व अपघाताचे भय यांत वाढणाऱ्या मुलांना घर हवे आहे. पुलाखालचा कोपरा त्यांना कायमचा देणे, हे उत्तर नव्हे. परंतु घराची सोय आधी आणि बागेचे कुंपण नंतर, हा क्रम मात्र उलटता कामा नये.

७. जगातील दोन अनुभव

नेदरलँड्समधील कोग आन द झान या गावातून १९७०च्या दशकात खांबांवरचा महामार्ग नेण्यात आला. गावाचे दोन तुकडे झाले. एका बाजूला चर्च, दुसऱ्या बाजूला जुने नगरगृह. अनेक वर्षे खालची जागा वाहने उभी करण्यापुरती उरली. पुढे नगरपालिकेने रहिवाशांना विचारून तिचे नियोजन केले आणि तेथे किराणा बाजार, मासे व फुलांची दुकाने, स्केटिंगची जागा व पाण्याकाठचा धक्का उभारला. २००६ साली या प्रकल्पाला सार्वजनिक जागांसाठीचा युरोपीय पुरस्कार मिळाला. बागेच्या जोडीला रोजची खरेदी ठेवल्यामुळे दिवसभर वर्दळ राहते, हा त्यातील विशेष.

दुसरा अनुभव अमेरिकेतील सॅन दिएगो शहराचा. मेक्सिकन वंशाच्या कष्टकऱ्यांची वस्ती आधी महामार्गाने आणि नंतर १९६९ मध्ये खुल्या झालेल्या कोरोनाडो पुलाने छेदली गेली. पुलाखाली बाग होईल, अशी लोकांची अपेक्षा होती. प्रत्यक्षात तेथे महामार्ग पोलिसांचे ठाणे बांधण्यासाठी यंत्रे आली. २२ एप्रिल १९७० रोजी विद्यार्थी व रहिवासी यांनी ती जागा ताब्यात घेतली, हातांनी जमीन खणून झाडे लावली व बारा दिवस तेथे ठाण मांडले. अखेर शासनाला माघार घ्यावी लागली. आज ‘चिकानो पार्क’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या त्या उद्यानातील पुलाचे खांब त्या समाजाचा इतिहास सांगणाऱ्या भित्तिचित्रांनी भरले आहेत आणि त्याला राष्ट्रीय ऐतिहासिक स्थळाचा दर्जा मिळाला आहे. येथे बाग होण्यासाठी कोणाला उठावे लागले नाही. ज्यांची घरे पुलाने हिरावली, त्यांनीच ती घडविली.

८. आपल्या जिल्ह्याच्या दृष्टीने

परभणी जिल्ह्यात मुंबईसारखे उड्डाणपुलांचे जाळे नाही. परंतु मनमाड–सिकंदराबाद हा रेल्वेमार्ग जिल्ह्यातून जातो. परभणी व पूर्णा ही जंक्शने आहेत. रेल्वे फाटकांच्या जागी पूल होत आहेत व यापुढेही होतील. आपला फायदा असा, की मोठ्या शहरांना जे नंतर सुचले, ते आपल्याला आधी सुचू शकते. पूल कागदावर असतानाच खालच्या जागेचा विचार झाला, तर पाण्याचे नळ टाकीकडे वळविणे, दिव्यांसाठी वाहिनी ठेवणे आणि रस्ता ओलांडण्याची सोय करणे हे थोड्या खर्चात होते.

मोठ्या शहराची नक्कलही करू नये. परभणीत एप्रिल-मे महिन्यांत पारा ४० अंशांच्या वर असतो. अशा वेळी पुलाखालची गर्द सावली ही कोणत्याही कारंज्यापेक्षा मोलाची. बाजाराच्या दिवशी खेड्यांतून आलेल्या माणसाला डबा खाण्यासाठी ओटा, पाण्याचा रांजण, स्त्रियांसाठी स्वच्छतागृह व स्पर्धा परीक्षेचा अभ्यास करणाऱ्या मुलामुलींसाठी दिव्याखाली बाके, एवढे झाले तरी त्या जागेचा पार होईल. सावलीत व कमी पाण्यावर कोणती झाडे टिकतील, याचा सल्ला परभणीतच मिळू शकतो; वसंतराव नाईक मराठवाडा कृषी विद्यापीठ १९७२ पासून येथे कार्यरत आहे.

नगरपरिषदेकडे किंवा महानगरपालिकेकडे निवेदन देण्यापूर्वी पुढील पाच प्रश्नांची उत्तरे स्वतः फिरून शोधावीत :

(१) जागा कोणत्या यंत्रणेच्या ताब्यात आहे?
(२) सकाळी, दुपारी व रात्री तेथे कोण कोण असते? त्यांना काय हवे आहे?
(३) मूल व वृद्ध तेथे सुरक्षितपणे पोहोचू शकतात का?
(४) उन्हाळ्यात पाणी कोठून येईल?
(५) पाच वर्षांनंतर देखभाल कोण करील?

यांतील दुसरा प्रश्न टाळून केलेली बाग देखणी होईल, पण सार्वजनिक होणार नाही.

सारांश

उड्डाणपुलाखालची जागा ही बांधकामाची उरलेली बाकी असते आणि जबाबदारी विभागली गेल्यामुळे ती दुर्लक्षित राहते. माटुंग्याने नागरिकांच्या चिकाटीचे, लोअर परळने खाजगी पुढाकाराचे, तर ठाण्याने आधीपासून तेथे असलेल्या माणसांचा विचार करण्याचे उदाहरण घालून दिले. प्रकाश, पाणी, माती व पोहोच यांचा मेळ घातल्याशिवाय अशी बाग टिकत नाही. आणि ती टिकली तरी, तेथे कोणाला येता येते यावरच तिचे सार्वजनिकत्व ठरते.

शब्दार्थ

पार – झाडाच्या बुंध्याभोवती बांधलेला ओटा.
गायरान – गावाची सामाईक चराऊ जमीन.
राडारोडा – बांधकामातील दगड, विटा, माती यांचा टाकाऊ ढीग.
पोयटा – नदीकाठची गाळाची सुपीक माती.
पन्हळ – पाणी वाहून नेणारी नळी किंवा नाली.
निर्वेध – अडथळ्याविना.

सरावासाठी स्वाध्याय

१. माटुंगा व ठाणे येथील उदाहरणांत पुलाखालच्या जागेकडे पाहण्याची दृष्टी कशी वेगळी आहे, ते सविस्तर लिहा.
२. ‘जागा सार्वजनिक होते ती फलकाने किंवा ठरावाने नव्हे’ या विधानाची महाडच्या सत्याग्रहाच्या आधारे चर्चा करा.
३. खाजगी निधीतून झालेल्या सार्वजनिक उद्यानाचे लाभ व धोके सांगा.

क्षेत्रीय कार्य

आपल्या गावातील पूल, बसस्थानक, नदीकाठ किंवा बाजारतळ यांजवळची एखादी दुर्लक्षित जागा निवडा. एकाच दिवशी तीन वेगवेगळ्या वेळी तेथे जाऊन निरीक्षणे नोंदवा. तेथे असणाऱ्या किमान दोन व्यक्तींशी, त्यांची संमती घेऊन, बोला. त्यांची नावे लिहू नका. या नोंदींच्या आधारे सुमारे ५०० शब्दांचा माहितीपर लेख लिहा. लेखात ‘रिकामी’, ‘पडीक’, ‘अतिक्रमण’ यांपैकी एखादा शब्द वापरावा लागला, तर तो तेथे का योग्य आहे, हे एका वाक्यात नमूद करा.